दिवाणी अपील गैरहजेरीत निकाली निघाले तर काय? सोलापूर जिल्ह्यातल्या पक्षकारांचे नेहमीचे प्रश्न

शेताची वाटणी, बांधाचा वाद, घरजागेचा ताबा, दुकानगाळ्याचा भाडेतंटा असे दावे वर्षानुवर्षे चालतात. खालच्या कोर्टात हरलेला पक्षकार जिल्हा न्यायालयात अपील करतो आणि पुढे एखाद्या तारखेला कोणीच हजर नसल्याने ते अपील काढून टाकले जाते. बातमी कानावर येते तेव्हा बहुतेकांना वाटते, आता सगळे संपले. ते खरे नाही. पण वेळ फार थोडा असतो, आणि तो वेळ चौकशीत, भांडणात, वकिलाला दोष देण्यात वाया जातो याचे मला मनापासून वाईट वाटते. म्हणून पक्षकार जसे विचारतात तसेच प्रश्न घेऊन ही उत्तरे लिहिली आहेत.

ई-कोर्ट्सच्या ॲपवर माझ्या अपिलापुढे ‘डिसमिस्ड इन डिफॉल्ट’ असे दिसते. म्हणजे मी हरलो का?

नाही. अपील सुनावणीला पुकारले तेव्हा तुमच्या बाजूने कोणी उभे नव्हते, एवढाच त्याचा अर्थ. तुमचे म्हणणे खरे की खोटे, खालच्या कोर्टाचा निकाल बरोबर की चूक, यावर जिल्हा न्यायाधीशांनी काहीही ठरवलेले नाही.

दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधला आदेश ४१, नियम १७ हा याचा आधार. नेमलेल्या दिवशी किंवा पुढे ढकललेल्या दिवशी अपिलार्थी हजर नसेल तर कोर्ट अपील काढून टाकू ‘शकते’. काढलेच पाहिजे असे नियम म्हणत नाही. न्यायाधीशांना पुढची तारीख देता येते आणि पुष्कळदा ते देतातही. रोजनामा (प्रत्येक तारखेला काय झाले याची कोर्टाची नोंद) काढून पाहिला तर बहुतेक वेळा दिसते की आधीच्या काही तारखांनाही अपिलार्थीतर्फे कोणी नव्हते आणि मग कोर्टाचा धीर सुटला.

पण माझ्या आदेशात न्यायाधीशांनी ‘अपिलात तथ्य नाही’ असेही लिहिले आहे. मी तर नव्हतोच तिथे!

मग तो आदेश नीट वाचून घ्या, कारण इथे तुमच्या बाजूने एक भक्कम मुद्दा आहे. १९७६ च्या दुरुस्तीने नियम १७ ला एक स्पष्टीकरण जोडले गेले: अपिलार्थी गैरहजर असताना कोर्टाला अपील गुणदोषांवर फेटाळता येत नाही. म्हणजे कोर्टापुढे दोनच वाटा उरतात. पुढची तारीख द्यायची, नाहीतर केवळ गैरहजेरीच्या कारणाने अपील काढून टाकायचे. रेकॉर्ड वाचून ‘खालचा निकाल योग्यच आहे’ असे म्हणायची तिसरी वाट कायद्याने बंद केली आहे.

सर्वोच्च न्यायालयाने हे अनेकदा सांगितले आहे. घनश्याम दास गुप्ता विरुद्ध माखनलाल या २०१२ च्या निकालात सांगितले, २०२३ मध्ये कर्नाटकातून आलेल्या एका प्रकरणात पुन्हा सांगितले. दोन्ही वेळा चूक उच्च न्यायालयाकडून झाली होती. उच्च न्यायालयांकडून ती होते, तर तालुक्या-जिल्ह्यात झाली म्हणून नवल वाटायला नको. या तरतुदीमागचा विचार मला फार मोलाचा वाटतो. माणूस एकदा चुकला तर त्याला परत येऊन आपली बाजू मांडता यावी. गुणदोषांवर निकाल लागला की तो दरवाजाच बंद होतो.

अपील पुन्हा बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, कसे आणायचे?

त्याच कोर्टात अर्ज करून. आदेश ४१, नियम १९ खाली अपील पुन्हा दाखल करून घेण्याचा हा अर्ज असतो. कोर्टात सगळे त्याला ‘रिस्टोरेशनचा अर्ज’ म्हणतात. अपील पुकारले गेले त्या वेळी हजर राहण्यास पुरेशा कारणामुळे अडथळा आला हे तुम्ही दाखवलेत, तर कोर्टाने अपील परत घेतलेच पाहिजे. नियम १७ मधले ‘शकते’ इथे नाही. मात्र खर्च बसवणे किंवा अटी घालणे कोर्टाच्या हाती असते.

नवे अपील दाखल करायच्या फंदात पडू नका. त्याची मुदत केव्हाच संपलेली असते.

मुदत किती?

३० दिवस. मुदत अधिनियम, १९६३ चा अनुच्छेद १२२. दिवस मोजायचे ते अपील काढून टाकल्याच्या तारखेपासून. तुम्हाला कळले त्या तारखेपासून नव्हे. अनेकजण इथेच फसतात. १० जूनला अपील काढले गेले असेल तर तो दिवस सोडून मोजायचे, शेवटचा दिवस १० जुलै. त्या दिवशी कोर्टाला सुट्टी असेल तर कोर्ट उघडेल त्या पहिल्या दिवशी अर्ज चालतो. उन्हाळी आणि दिवाळीच्या सुट्टीत हे लक्षात ठेवा.

आणखी एक गोष्ट जाणत्या लोकांच्याही लक्षात राहत नाही. अपील करताना निकालाची नक्कल मिळायला लागलेले दिवस मुदतीतून वजा होतात. मुदत अधिनियमाच्या कलम १२ ने ही सवलत अपील, पुनरीक्षण, पुनर्विलोकन यांना दिली आहे. त्या यादीत रिस्टोरेशनचा अर्ज नाही. म्हणून नक्कल विभागात अर्ज टाकून ‘नक्कल आली की बघू’ म्हणत बसू नका. नक्कल मागून ठेवा, पण अर्ज लगेच द्या. आदेश आणि रोजनामा संकेतस्थळावर दिसत असेल तर वकील त्यावरून मजकूर तयार करू शकतात.

तीस दिवस होऊन गेले. आता?

त्याच अर्जासोबत मुदत अधिनियमाच्या कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज आणि प्रतिज्ञापत्र द्यावे लागते. इथे दोन वेगळी कारणे द्यायची असतात आणि लोक ती एकात मिसळतात. त्या तारखेला का आला नाहीत, हे पहिले. त्यानंतर तीस दिवसांत अर्ज का केला नाही, हे दुसरे. पाय मोडून दवाखान्यात होता हे पहिल्याचे उत्तर झाले. पण डिस्चार्ज मिळून चार महिने झाले असतील तर त्या चार महिन्यांचे काय, हे कोर्ट विचारणारच.

एकेका दिवसाचा काटेकोर हिशेब मागण्याइतके कठोर होऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्येच सांगून ठेवले आहे. तरी उशीर टप्प्याटप्प्याने सांगा: कधी कळले, कोणाकडून कळले, कळल्यावर कोणाला भेटलात, कागद कधी मिळाले. तारखा घालून लिहिलेल्या साध्या हकिगतीवर न्यायाधीशांचा विश्वास लवकर बसतो.

‘पुरेसे कारण’ म्हणजे नेमके कोणते?

कायद्याने यादी दिलेली नाही, आणि दिली नाही हे बरेच झाले. अचानक आजारपण, घरातला मृत्यू, अपघात, वकिलांच्या डायरीत तारीख चुकणे, प्रकरण एका न्यायाधीशांकडून दुसऱ्याकडे वर्ग होणे आणि त्याची माहिती न मिळणे, अशी कारणे नेहमी येतात आणि कागद असतील तर चालतात. सप्टेंबर २०२५ मध्ये सीनेला पूर आला तेव्हा माढा, मोहोळकडच्या कित्येक गावांत पाणी शिरले, रस्ते बंद पडले. अशा दिवसांतल्या तारखेसाठी तलाठ्याचा पंचनामासुद्धा चांगला पुरावा आहे.

उलट बाजूही सांगतो. ‘काही अपरिहार्य कारणास्तव’ हे शब्द अर्जात घालू नका, त्यातून काहीच सांगितले जात नाही. वारीला गेलो होतो, कारखान्याचा हंगाम होता, पुण्याला कामाला असतो, ही कारणे खरी असली तरी एकटी उभी राहत नाहीत, कारण ती आधी ठाऊक असतात. वकिलांना कळवून पुढची तारीख मागता आली असती, असे समोरचे वकील म्हणतील आणि त्यात तथ्य असेल. अशा वेळी खरा प्रश्न असतो तो म्हणजे वकील का नव्हते. उत्तर तिथे शोधा.

खोटे वैद्यकीय प्रमाणपत्र जोडू नका. समोरचा पक्ष त्याच गावचा असतो, तुम्ही त्या दिवशी कुठे होता हे त्याला माहीत असते. एकदा खोटे उघडे पडले की अर्ज तर जातोच, अपिलातल्या तुमच्या प्रत्येक शब्दावरचा विश्वासही जातो.

वकील साहेबच आले नाहीत. त्यांच्या चुकीची शिक्षा मला का?

हा प्रश्न सर्वांत जास्त येतो आणि त्यामागचे दुःख खरे असते. सांगोल्याच्या किंवा करमाळ्याच्या खेड्यातला माणूस फी देतो, वकीलपत्रावर सही किंवा अंगठा करतो आणि ‘तुम्ही येऊ नका, मी बघतो’ या शब्दावर विसंबून घरी जातो. त्याने आणखी काय करायला हवे होते?

रफीक विरुद्ध मुन्शीलाल या १९८१ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच म्हटले. खेड्यातल्या पक्षकाराने वकील नेमला, त्याच्यावर विश्वास टाकला, तेवढ्यावर त्याचे काम झाले. वकिलाने घोटाळा केला म्हणून निरपराध पक्षकाराला भरडू नये. त्या प्रकरणात अपील परत बोर्डावर आले. रिस्टोरेशनच्या जवळजवळ प्रत्येक अर्जात हा निकाल दाखवला जातो.

पण हा निकाल म्हणजे हमखास किल्ली नाही. १९९३ मध्ये त्याच न्यायालयाने एका कलकत्त्याच्या प्रकरणात स्पष्ट केले की वकिलावर सगळे ढकलून पक्षकाराला केव्हाही हात झटकता येतात असा नियम नाही. तिथे पक्षकार जाणकार होता, शहरातच होता, आणि सगळे ठरवून झाल्यासारखे दिसत होते. म्हणजे कोर्ट माणूस पाहते. बिडी वळणारी बाई आणि चादरीच्या कारखान्याचा मालक, दोघांकडून सारख्याच दक्षतेची अपेक्षा केली जात नाही. अर्जात तुमचे शिक्षण, गाव, अंतर, वय हे सगळे लिहा. सोलापुरात घरी तेलुगू किंवा कन्नड बोलणारी आणि मराठी कागद वाचता न येणारी कितीतरी कुटुंबे आहेत. तुमची तशी अडचण असेल तर तीही लिहा.

वकिलांनी स्वतः ‘माझ्या डायरीत तारीख चुकली’ असे प्रतिज्ञापत्र दिले तर अर्जाला मोठे बळ येते. चांगले वकील ते देतात. म्हणून रागाच्या भरात त्यांच्याशी तोडू नका, आधी ते मागून घ्या.

वकील हजर होते, पण ‘पक्षकाराकडून सूचना नाहीत’ अशी पुरसिस (कोर्टाला दिलेले छोटे लेखी निवेदन) देऊन मोकळे झाले. हे चालते का?

तुम्हाला न कळवता असे करणे बरोबर नाही. वकीलपत्रातून बाहेर पडायचे तर पक्षकाराला आधी नोटीस द्यावी लागते आणि कोर्टाची परवानगी घ्यावी लागते. सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये म्हटले आहे की अशा वेळी कोर्टाने पक्षकाराला नोटीस काढायला हवी. तुम्हाला अशी नोटीस आलीच नव्हती, हे अर्जात पहिल्या परिच्छेदातच लिहा.

मी स्वतः गेलो नाही तर अपील जाईल का? दर तारखेला मोहोळहून यावे लागेल का?

नाही. तुमचे वकील उभे राहिले की तुम्ही हजर. चार भाऊ मिळून अपील केले असेल आणि एकाच वकीलपत्रावर सगळ्यांच्या सह्या असतील तर वकिलांची हजेरी चौघांचीही हजेरी.

याची दुसरी बाजू फारच कमी लोकांना माहीत असते. वकील आले नाहीत पण तुम्ही कोर्टात बसलेले आहात, तर गप्प बसून राहू नका. शिपाई तुमचे नाव पुकारेल तेव्हा उठून उभे राहा, हात जोडून सांगा की मी अपिलार्थी आहे, वकील आलेले नाहीत, एक तारीख मिळावी. तुम्ही समोर असताना अपील गैरहजेरीत काढता येत नाही. खेड्यातली माणसे कोर्टात बोलायला घाबरतात आणि मागच्या बाकावर बसून आपलेच अपील निघताना बघतात. घाबरू नका, तो तुमचा हक्क आहे. तुम्ही हजर होता अशी नोंद रोजनाम्यात झाली का, हेही शिरस्तेदारांकडे विचारून घ्या.

अपिलात मिळालेल्या स्थगितीचे काय होते?

अपील गेले की तिचा आधारही गेला. खालच्या कोर्टाचा हुकूमनामा (डिक्री) अमलात आणता येतो आणि समोरचा पक्ष दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, पुढे रेटतो. पुष्कळांना अपील निघाल्याचे कळते तेच मुळी बेलीफ ताब्याचे वॉरंट घेऊन दारात उभा राहिल्यावर.

म्हणून रिस्टोरेशनच्या अर्जासोबत तात्पुरत्या स्थगितीचा वेगळा अर्ज त्याच दिवशी द्या आणि तातडीने सुनावणी मागा. अपील परत आले की जुनी स्थगितीही आपोआप परत येते, या भरवशावर राहू नका. न्यायाधीशांना विनंती करून आदेशात तसे स्पष्ट लिहून घ्या. बेलिफाशी हुज्जत घालण्यात अर्थ नाही. तो कोर्टाचा हुकूम बजावत असतो.

कोर्टाने रिस्टोरेशनचा अर्जही फेटाळला. आता सेकंड अपील करू का?

सेकंड अपील नाही. गैरहजेरीत अपील काढल्याचा आदेश कायद्याच्या व्याख्येत हुकूमनामाच नव्हे, त्यामुळे दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम १०० लागू होत नाही. अर्ज नाकारल्याच्या आदेशावर मात्र आदेश ४३, नियम १, खंड (टी) खाली उच्च न्यायालयात अपील करता येते. मुदत ९० दिवस.

सोलापूरकरांसाठी यात मोठा बदल झाला आहे. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर सर्किट बेंच सुरू झाले. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्याकडे आहेत. या जिल्ह्यांतल्या वकिलांनी आणि पक्षकारांनी त्यासाठी कित्येक वर्षे आंदोलन केले होते. रात्रीची गाडी पकडून मुंबईला जायचे, तारीख पडली की तसेच परतायचे, हे ज्यांनी सोसले त्यांनाच त्याची किंमत कळेल.

अर्ज मंजूर झाला आणि समोरच्याला ते मान्य नसेल तर त्याला मात्र अपील नाही. तो राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली उच्च न्यायालयात जाऊ शकतो.

अपील समोरच्याचे होते, मी जाबदेणार. मीच गैरहजर राहिलो तर?

मग अपील तुमच्या गैरहजेरीत एकतर्फी ऐकले जाते. अपिलार्थी आपोआप जिंकत नाही, कोर्टाला रेकॉर्ड पाहून कारणांसह निकाल द्यावा लागतो. पण तुमची बाजू सांगणारे कोणी नसते, आणि खालच्या कोर्टात जिंकलेला माणूस निर्धास्त राहून इथे घात करून घेतो. निकाल विरुद्ध गेला तर आदेश ४१, नियम २१ खाली अपील पुन्हा ऐकण्याचा अर्ज करा. नोटीसच नीट बजावली गेली नव्हती किंवा पुरेशा कारणाने येता आले नाही, यांपैकी एक दाखवावे लागते. मुदत इथेही ३० दिवस. नोटीस बजावलेलीच नसेल तर मात्र दिवस कळल्यापासून मोजतात.

समोरच्याच्या अपिलात तुम्ही आपले क्रॉस ऑब्जेक्शन (खालच्या निकालातल्या तुमच्याविरुद्धच्या भागावरची हरकत) दिले असेल आणि त्याचे अपील गैरहजेरीत निघाले, तरी तुमचे ऑब्जेक्शन मरत नाही. नियम २२ खाली ते स्वतंत्रपणे ऐकले जाऊ शकते. कोर्टाला याची आठवण तुम्हालाच करून द्यावी लागेल.

वडील वारले आणि आम्हाला अपिलाची माहितीच नव्हती.

इथे नियम वेगळे लागतात. अपिलार्थी मयत झाल्यावर ९० दिवसांत वारसांची नावे लावायची असतात. तसे झाले नाही तर अपील गैरहजेरीत नव्हे, तर ‘उपशमित’ होऊन संपते. ते उपशमन रद्द करून घ्यायला आणखी ६० दिवस मिळतात, पुढे विलंब माफी. वडिलांच्या मृत्यूनंतरच्या तारखेला कोर्टाने अपील गैरहजेरीत काढले असेल तर मृत्यूचा दाखला जोडून वारस नोंद आणि रिस्टोरेशन असे दोन्ही अर्ज, विलंब माफीसह, एकत्र द्या. वारसांत लग्न झालेल्या बहिणी लिहायला विसरू नका. हे सांगावे लागते, कारण त्या हमखास वगळल्या जातात आणि मग सगळे पुन्हा अडकते.

दुसरा वकील लावायला पैसे नाहीत.

जिल्हा न्यायालयाच्या आवारातले जिल्हा विधी सेवा प्राधिकरण, किंवा तुमच्या तालुक्याच्या कोर्टातली तालुका विधी सेवा समिती गाठा. महिला, मुले, अनुसूचित जाती-जमातीचे नागरिक, अपंग व्यक्ती, औद्योगिक कामगार, पूर किंवा दुष्काळासारख्या आपत्तीने पीडित यांना उत्पन्न कितीही असले तरी मोफत वकील मिळतो. बाकीच्यांना उत्पन्नाची अट आहे. १५१०० या क्रमांकावर फोन करूनही माहिती मिळते. तीस दिवस पळत असतात, म्हणून तिथे गेल्यावर मुदतीची शेवटची तारीख पहिल्याच वाक्यात सांगा.

आधीच्या वकिलांविरुद्ध ग्राहक न्यायालयात जाऊ का?

नाही. वकिलांची सेवा ग्राहक संरक्षण कायद्यात येत नाही, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने मे २०२४ मध्ये दिला. गंभीर गैरवर्तन असेल तर महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिलकडे तक्रार करता येते. पण आधी अपील वाचवा.

फौजदारी अपील किंवा प्रांताकडचे महसुली अपीलही असेच निघते का?

शिक्षेविरुद्धचे फौजदारी अपील केवळ गैरहजेरीमुळे फेटाळता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये तसे ठरवले आहे. महसुली अपिलांना जमीन महसूल संहितेचे नियम लागतात, इथली कलमे तिकडे वापरू नका.

पुढची तारीख मला घरबसल्या कशी कळेल?

तुमच्या प्रकरणाचा सोळा अक्षर-अंकी सीएनआर क्रमांक वकिलांकडून मागून घ्या आणि वहीत लिहून ठेवा. ‘ई-कोर्ट्स सर्व्हिसेस’ ॲपवर तो टाकला की पुढची तारीख, कोर्ट हॉल आणि मागच्या तारखेला काय झाले ते दिसते. अपिलाचा क्रमांक दाव्याच्या क्रमांकाहून वेगळा असतो. जुनाच क्रमांक टाकून ‘निकाली’ पाहून घाबरणारे, किंवा उलट निर्धास्त राहणारे, दोन्ही प्रकारचे लोक भेटतात. मोबाईल नंबर बदलला, गाव सोडून पुण्याला किंवा भिवंडीला गेलात, तर त्याच आठवड्यात वकिलांना नवा पत्ता आणि नंबर द्या, आणि गावातल्या एका विश्वासू माणसाचा नंबरही द्या.